दूरचित्रवाणी ॲनिमेशनचे दिग्दर्शन : नव्याने येणाऱ्यांसाठी पायरी-पायरीने वाटचाल

दूरचित्रवाणीवरील अर्ध्या तासाच्या कार्टून मालिकेचा एक भाग, जाहिरातींची वेळ वजा जाता, साधारण २२ मिनिटांचा भरतो. सेकंदाला २४ फ्रेम या हिशेबाने त्यात ३१,६८० फ्रेम येतात, आणि प्रत्येक चित्र दोन-दोन फ्रेम पडद्यावर ठेवले तरी सतत हलणाऱ्या एकाच पात्रासाठी १५,८४० चित्रे लागतात. पात्रे दोन झाली की हा आकडा दुप्पट होतो. ठरलेल्या मुदतीत एकामागून एक भाग द्यावे लागणारी कोणतीही मालिका इतकी चित्रे काढू शकत नाही. कुठे पात्र स्तब्ध ठेवून फक्त डोळे मिटवायचे, कुठे जुनी हालचाल पुन्हा वापरायची आणि कोणत्या दहा सेकंदांवर सगळी ताकद लावायची, हे ठरवण्याची जबाबदारी दिग्दर्शकाची असते. हाताने चित्रे काढण्याऐवजी संगणकावरचे रिग, म्हणजे सांध्यांवर हलवता येणारे पात्राचे तयार सांगाडे, वापरले तरी प्रश्न तोच राहतो. फक्त चित्रांच्या जागी ॲनिमेटरचे दिवस मोजले जातात. या पेशाची तयारी करताना हा हिशेब पहिल्या दिवसापासून डोळ्यांपुढे ठेवावा.

पहिली पायरी : पदांची नावे समजून घेणे

‘दिग्दर्शक’ हा शब्द या क्षेत्रात इतक्या निरनिराळ्या कामांना लावला जातो की नवख्या माणसाचा गोंधळ होणे स्वाभाविक आहे. अमेरिकी पद्धतीच्या मालिकेत एक पर्यवेक्षक दिग्दर्शक संपूर्ण मालिकेची दृश्यशैली आणि दर्जा सांभाळतो, आणि त्याच्या देखरेखीखाली काम करणाऱ्या दिग्दर्शकांकडे वेगवेगळे भाग सोपवलेले असतात. याखेरीज फक्त हालचालींच्या वेळेचा हिशेब मांडणारा टायमिंग डायरेक्टर वेगळा असू शकतो. जपानमध्ये मालिकेच्या मुख्य दिग्दर्शकाला ‘कान्तोकु’ आणि एका भागाची बाजू सांभाळणाऱ्याला ‘एन्शुत्सु’ म्हणतात. ‘साकुगा कान्तोकु’ या तिसऱ्या पदाचे भाषांतर सर्रास ‘ॲनिमेशन डायरेक्टर’ असे केले जाते. प्रत्यक्षात तो ॲनिमेटरांची चित्रे पात्राच्या मूळ रूपाशी जुळतात की नाही हे तपासून दुरुस्त करणारा चित्रकार असतो. त्यामुळे नोकरीची जाहिरात वाचताना पदाच्या नावावर न जाता खाली दिलेली कामांची यादी वाचावी.

चित्रपट आणि दूरचित्रवाणी यांतला एक फरकही आधीच पचवलेला बरा. चित्रपटात बहुधा दिग्दर्शकाचा शब्द अखेरचा असतो. दूरचित्रवाणीवर, विशेषतः अमेरिकी पद्धतीत, तो अधिकार अनेकदा मालिकेच्या निर्मात्याकडे किंवा लेखकांच्या प्रमुखाकडे असतो, आणि त्यांच्यावर वाहिनीचे अधिकारी असतात. भागाचा दिग्दर्शक त्यांचे म्हणणे चित्रात उतरवतो. ज्यांना पहिल्या दिवसापासून स्वतःचीच गोष्ट सांगायची आहे, त्यांनी लघुपटाचा मार्ग धरलेला अधिक योग्य ठरेल. १९६० पासून फ्रान्समधील आन्सी येथे भरणारा ॲनिमेशन महोत्सव त्यांच्यासाठी अधिक उपयोगाचा आहे. पुढचे विवेचन दुसऱ्याच्या गोष्टीत आपली बुद्धी घालायला तयार असणाऱ्यांसाठी आहे.

दुसरी पायरी : काटकसरीचा इतिहास अभ्यासणे

दूरचित्रवाणी ॲनिमेशनची भाषा काटकसरीतून जन्मली, आणि ती कशी जन्मली हे माहीत असलेला उमेदवार स्टुडिओत लवकर रुळतो. विल्यम हॅना आणि जोसेफ बार्बेरा हे दोघे ‘टॉम अँड जेरी’च्या चित्रपटगृहांसाठीच्या लघुपटांचे दिग्दर्शक. १९५७ मध्ये ते लघुपट काढणाऱ्या एमजीएम या चित्रपट कंपनीने आपला ॲनिमेशन विभाग बंद केला आणि ते दूरचित्रवाणीकडे वळले. तिथे पूर्वीच्या तुलनेत पैसा फारच थोडा होता. मग पात्राचे शरीर एका थरावर स्थिर ठेवायचे आणि डोके, तोंड किंवा हात तेवढेच दुसऱ्या थरावर हलवायचे, ही पद्धत त्यांनी पक्की केली. त्यांच्या योगी बेअर या अस्वलाच्या गळ्यातली कॉलर नुसती शोभेची नाही; डोके आणि धड यांमधला जोड तिच्यामागे लपतो, म्हणून धड पुन्हा न काढता डोके हलवता येते. पात्ररचनेतच निर्मितीचा खर्च कसा वाचवता येतो याचे इतके नेटके उदाहरण दुसरे नसेल. याच स्टुडिओची ‘द फ्लिंटस्टोन्स’ १९६० मध्ये सुरू झाली आणि ॲनिमेशन मालिका संध्याकाळच्या मुख्य वेळेत सगळ्या कुटुंबासाठी चालू शकते हे तिने दाखवून दिले.

जपानमध्ये ओसामु तेझुका यांच्या स्टुडिओने १ जानेवारी १९६३ पासून ‘ॲस्ट्रो बॉय’ प्रसारित करायला सुरुवात केली, तेव्हा दर आठवड्याला एक भाग देण्यासाठी त्यांनी स्थिर चित्रे, एक चित्र तीन-तीन फ्रेम धरून ठेवणे आणि वापरून झालेल्या हालचाली जपून पुन्हा वापरण्याची ‘बँक’ या गोष्टींचा आधार घेतला. ब्रिटनमध्ये १९७४ मध्ये आलेल्या ‘रुबार्ब’ या मालिकेत दिग्दर्शक बॉब गॉडफ्रे यांनी मार्कर पेनाच्या रेषा मुद्दाम थरथरत्या ठेवल्या, आणि जे एरवी कच्चे काम म्हटले गेले असते तीच त्या मालिकेची ओळख ठरली. माझ्या मते नव्या उमेदवाराने भव्य चित्रपटांपेक्षा अशा मालिका अधिक बारकाईने पाहाव्यात, कारण त्यांत दिग्दर्शकाने काय टाळले आहे तेही दिसते.

त्यासाठी एक साधा सराव उपयोगी पडतो. कोणत्याही मालिकेतली दोन मिनिटे निवडावीत, आवाज बंद करावा आणि फ्रेम-फ्रेम पुढे सरकत प्रत्येक शॉटची लांबी, त्यात खरोखर हलणारे भाग आणि पुन्हा वापरलेली चित्रे यांची नोंद कागदावर करावी. असे दहा प्रसंग नोंदवून झाले की संवादाच्या वेळी श्रोत्याचा चेहरा दाखवण्यामागे नाट्याइतकाच ओठ हलवण्याचे श्रम वाचवण्याचाही विचार असतो, हे आपोआप लक्षात येऊ लागते.

तिसरी पायरी : स्टोरीबोर्ड आणि ॲनिमॅटिक

चित्रकला किती यावी लागते, हा प्रश्न हमखास विचारला जातो. सुंदर चित्र काढता येणे हा लाभ आहे, अट नाही. मात्र एका दृष्टिक्षेपात कळेल असे चित्र झपाट्याने काढता यायलाच हवे. पात्र कोणत्या दिशेला पाहते आहे, त्याचे वजन कोणत्या पायावर आहे, कॅमेरा वर आहे की खाली, हे अंगठ्याएवढ्या चौकोनात दाखवता आले म्हणजे निम्मे काम झाले. दिग्दर्शनाकडे जाणारा सर्वात रुळलेला मार्ग स्टोरीबोर्डमधून, म्हणजे संहितेच्या शॉटवार रेखाटनांतून, जातो, याचे कारण असे की संहिता पहिल्यांदा चित्र बनते ती तिथेच, आणि पुढची बहुतेक खर्चीक कामे त्या चित्रांवरून ठरतात.

स्टोरीबोर्ड शिकताना काही नियम अंगवळणी पडावे लागतात. दोन पात्रांमधून एक काल्पनिक रेषा ओढली तर कॅमेऱ्याने शक्यतो तिच्या एकाच बाजूला राहावे, नाहीतर समोरासमोर बसलेली पात्रे एकाच दिशेला पाहताना दिसतात. डावीकडून उजवीकडे धावणारे पात्र पुढच्या शॉटमध्येही त्याच दिशेने धावावे. एका शॉटच्या शेवटी हात वर असेल तर पुढच्या शॉटच्या सुरुवातीला तो खाली नसावा. हे सांगायला क्षुल्लक वाटते, पण दोन शॉट दोन वेगळ्या माणसांकडे जातात तेव्हा हीच चूक सर्वाधिक होते. दूरचित्रवाणीसाठी पडद्याच्या कडांपासून काही अंतर मोकळे ठेवण्याची पद्धत आहे, म्हणून महत्त्वाची कृती आणि अक्षरे कडेला चिकटवू नयेत. नियम मोडूही नयेत असे नाही. पण मोडताना तो मुद्दाम मोडला आहे हे दिग्दर्शकाला सांगता आले पाहिजे.

स्टोरीबोर्डची चित्रे ठरलेल्या वेळेनुसार एकामागून एक लावून त्यांना संवाद, तात्पुरते आवाज आणि संगीत जोडले की ॲनिमॅटिक तयार होते. अमेरिकी पद्धतीत कलाकारांचे संवाद चित्रांच्या आधीच ध्वनिमुद्रित होतात, त्यामुळे ॲनिमॅटिकमध्ये खरा आवाज असतो आणि हालचाल त्या आवाजावर बेतली जाते. जपानमध्ये बहुधा चित्र आधी होते आणि त्याकडे पाहत संवाद नंतर म्हटले जातात. दोन्ही पद्धतींत ॲनिमॅटिक म्हणजे भागाचा पहिला खरा पुरावा असतो: विनोद उशिरा येतो आहे, प्रसंग लांबला आहे, पात्राचे मन बदलले ते कळलेच नाही, हे सगळे इथे फार थोड्या खर्चात दिसते. ॲनिमेशन होऊन आल्यावर हाच दोष काढायचा झाला तर आठवडे जातात. म्हणून ॲनिमॅटिक अंतिम झाले असे जाहीर होण्याआधी दिग्दर्शकाने जितके कठोर व्हायचे तितके व्हावे. त्यानंतर सुचलेली सुधारणा कितीही चांगली असली तरी ती कुणाच्या तरी झालेल्या कामावर बोळा फिरवते.

साधनांसाठी सुरुवातीला पैसे खर्च करण्याचे कारण नाही. ब्लेंडरमधले ग्रीज पेन्सिल, क्रिटा आणि २०१६ मध्ये मुक्त स्रोत म्हणून खुले झालेले ओपनटूंझ ही साधने विनामूल्य मिळतात आणि सरावासाठी पुरेशी आहेत. स्टुडिओत टून बूम कंपनीचे स्टोरीबोर्ड प्रो आणि हार्मनी मोठ्या प्रमाणावर वापरले जातात, तर ‘पेपा पिग’ आणि ‘ब्लुई’ या मालिका सेलॲक्शन या साधनात झाल्या आहेत. साधन महिन्याभरात शिकता येते. नजर तयार व्हायला मात्र वर्षे लागतात.

सरावासाठी दोन मित्रांचा अर्ध्या मिनिटाचा संवाद ध्वनिमुद्रित करावा आणि त्याचे ॲनिमॅटिक बनवावे. मग तोच प्रसंग केवळ ४० चित्रांत सांगून पाहावा आणि त्यानंतर २० चित्रांत. तिन्ही आवृत्त्या अनोळखी माणसाला दाखवून काय घडले ते त्याच्याकडून सांगून घ्यावे. दुसऱ्या आवृत्तीत काहीच हरवले नसेल, तर पहिल्या आवृत्तीतली जास्तीची चित्रे कशासाठी होती याचे उत्तर स्वतःला द्यावे लागते, आणि हे उत्तर शोधता-शोधताच दिग्दर्शन शिकले जाते.

चौथी पायरी : वेळेचे व्याकरण

एक्स्पोजर शीट हा उभ्या-आडव्या रकान्यांचा तक्ता असतो. प्रत्येक आडवी ओळ म्हणजे एक फ्रेम. उभ्या रकान्यांत कृती, संवादाचे उच्चार, चित्रांचे थर आणि कॅमेऱ्याची हालचाल यांची नोंद असते. अनेक स्टुडिओंत हा तक्ता आता संगणकातच भरला जातो, आणि रिगवर चालणाऱ्या काही मालिकांत तो स्वतंत्रपणे लिहिलाही जात नाही, तरीही तो वाचता येणे आणि हाताने भरता येणे आवश्यक समजावे. तक्ता भरताना ‘पात्र दचकते’ एवढे लिहून भागत नाही. दचकण्याआधी ते किती फ्रेम थांबते, किती फ्रेममध्ये मागे झुकते आणि त्या अवस्थेत किती काळ राहते, हे आकड्यांत सांगावे लागते.

काही आकडे पाठ असावेत. साध्या चालीतले एक पाऊल १२ फ्रेमचे धरले तर सेकंदाला दोन पावले पडतात. तेच पाऊल १६ फ्रेमचे केले की चाल रेंगाळते, ८ फ्रेमचे केले की घाईची होते. २४ ऐवजी २५ फ्रेमच्या प्रमाणावर काम करणाऱ्या देशांत हिशेब किंचित बदलतो. यापलीकडे स्टॉपवॉच हातात घेऊन स्वतः ती कृती करून पाहणे हाच उत्तम उपाय आहे. आरशापुढे उभे राहून एकाच दाराची कडी दहा वेळा उघडणारा माणूस घरच्यांना विचित्र वाटेल, पण कडी उघडायला २० फ्रेम लागतात की ३० हे त्याला ठाऊक असते.

नवखे लोक थांबण्याला घाबरतात. त्यांना वाटते, काही हलले नाही तर प्रेक्षक कंटाळेल. वास्तविक योग्य जागी धरून ठेवलेले स्थिर चित्र हे दूरचित्रवाणीतील सर्वात स्वस्त आणि बरेचदा सर्वात परिणामकारक साधन आहे. विनोदाच्या आधीचा क्षण किंवा वाईट बातमी ऐकल्यानंतरचा क्षण हालचालीने बिघडतो.

पाचवी पायरी : स्टुडिओत प्रवेश

दिग्दर्शक म्हणून थेट कोणी घेत नाही. स्टोरीबोर्डच्या बाजूने येणारे आधी दुरुस्त्या करणारे साहाय्यक म्हणून लागतात, म्हणजे इतरांच्या बोर्डवर आलेल्या सूचना अमलात आणतात. मग स्वतंत्र बोर्ड करतात, नंतर साहाय्यक दिग्दर्शक होतात. ॲनिमेटर, शॉटची मांडणी आखणारे लेआउट कलाकार आणि संकलक यांच्यामधूनही दिग्दर्शक घडतात. निर्मिती विभागात समन्वयक म्हणून लागणे हा मार्ग कमी प्रतिष्ठेचा मानला जातो, पण कोणते काम कोणापाशी का अडते हे त्या खुर्चीवरून जितके दिसते तितके इतर कुठून दिसत नाही.

नमुना-संचात पंचवीस सुंदर चित्रांपेक्षा तीन पूर्ण प्रसंग असावेत: एक विनोदी संवादाचा, एक धावपळीचा आणि एक शांत भावनिक. पाहणाऱ्याकडे वेळ थोडा असतो, त्यामुळे सर्वात चांगला प्रसंग आधी ठेवावा आणि मध्यम दर्जाचे काम सरळ काढून टाकावे. ज्या मालिकेसाठी अर्ज करायचा तिच्या शैलीला जवळचा एक प्रसंग असेल तर फारच उत्तम. अनेक स्टुडिओ चाचणी म्हणून संहितेची काही पाने देऊन बोर्ड करायला सांगतात. चाचणीत कल्पकता दाखवण्याच्या भरात दिलेली संहिता बदलू नये, पात्रे मॉडेल शीटप्रमाणे, म्हणजे त्यांचे ठरलेले रूप दाखवणाऱ्या तक्त्याप्रमाणे, ठेवावीत आणि मुदत पाळावी. चाचणीचे काम अवाजवी मोठे असेल तर मोबदल्याविषयी विचारण्यात संकोच बाळगू नये. या क्षेत्रातले काम बहुतेक वेळा मालिकेच्या हंगामापुरते असते आणि दोन हंगामांच्या मधे रिकामे महिने येतात, हे गृहीत धरूनच घरखर्चाची आखणी करावी.

सहावी पायरी : पहिला भाग हाती येतो तेव्हा

संहिता हातात पडली की ती तीनदा वाचावी. पहिल्यांदा प्रेक्षक म्हणून, दुसऱ्यांदा पात्रांच्या मनात काय चालले आहे ते पाहत, आणि तिसऱ्यांदा पेन्सिल घेऊन खर्चाच्या जागांवर खुणा करत. गर्दी, चारपायी प्राणी, पाणी, कपडे बदलणे, पात्राने पात्राला उचलणे या खर्चाच्या नेहमीच्या जागा आहेत. ‘संपूर्ण गाव चौकात जमते’ हे लेखक एका ओळीत लिहून मोकळा होतो. दिग्दर्शकाला ते वाक्य बाहेरचा गलका, खिडकीवर हलणाऱ्या सावल्या आणि आत बसलेल्या पात्राचा चेहरा यांवर भागवता येईल का, याचा विचार करावा लागतो. अशी सूचना नकारासारखी नव्हे तर पर्याय म्हणून, आणि बोर्ड सुरू होण्यापूर्वी, लेखकापुढे मांडावी.

दिग्दर्शकाकडे एकाच वेळी एकाहून अधिक भाग वेगवेगळ्या टप्प्यांवर असतात: एकाचे ध्वनिमुद्रण, दुसऱ्याचा बोर्ड, तिसऱ्याचे ॲनिमॅटिक, आणि चौथ्याचे ॲनिमेशन परत येत असते. कोणत्या भागात काय ठरले हे स्मरणावर सोडू नये. प्रत्येक बैठकीनंतर चार ओळींची नोंद लिहून संबंधितांना पाठवण्याची सवय पहिल्या आठवड्यातच लावून घ्यावी.

प्रत्यक्ष ॲनिमेशन पुष्कळदा दुसऱ्या देशातल्या स्टुडिओत होते. ‘द सिम्पसन्स’चे लेखन, ध्वनिमुद्रण आणि स्टोरीबोर्ड अमेरिकेत होत असताना बरेचसे ॲनिमेशन दक्षिण कोरियात झाले आहे. ज्यांच्याशी आपली कधी भेट होणार नाही आणि ज्यांची भाषा वेगळी आहे त्यांच्यासाठी सूचना लिहिताना उपहास, वाक्प्रचार आणि ‘जरा जास्त मजा आणा’ यांसारखी मोघम वाक्ये टाळावीत. ‘फ्रेम ४८ ला डावी भुवई वर, फ्रेम ६० पर्यंत तशीच’ असे लिहिले की गैरसमजाला वाव राहत नाही. सोबत एक रेखाटन जोडले तर उत्तमच.

परत आलेल्या चित्रीकरणातले दोष सुधारण्याला ‘रिटेक’ म्हणतात, आणि दिग्दर्शकाची पारख खऱ्या अर्थाने इथे होते. दोषांचे तीन गट करावेत. पहिल्या गटात चुका येतात: रंग चुकला, हात गायब झाला, थर उलटसुलट लागले. त्या ॲनिमेशन स्टुडिओने सुधारायच्या असतात. दुसऱ्या गटात सूचनेप्रमाणे झालेले पण अपेक्षित परिणाम न साधणारे शॉट येतात. ही दिग्दर्शकाची चूक असते, तिचा खर्च निर्मितीवर पडतो, आणि ती प्रामाणिकपणे तशीच नोंदवावी, कारण आपली चूक समोरच्याच्या नावावर घालणाऱ्या दिग्दर्शकाला पुढच्या भागात कोणी मनापासून मदत करत नाही. तिसऱ्या गटात केवळ आपल्याला खटकणाऱ्या गोष्टी येतात. तिसऱ्या गटातल्या बहुतेक गोष्टी सोडून द्याव्यात. संकलनात दोन फ्रेम कापून किंवा आवाज अलगद सरकवून जे सुधारते ते रिटेकला पाठवू नये.

तपासणीच्या यादीत एक गोष्ट कायम असावी. १६ डिसेंबर १९९७ रोजी जपानमध्ये ‘पोकेमॉन’चा एक भाग प्रसारित होत असताना लाल-निळ्या प्रकाशाच्या वेगवान झगमगाटामुळे सुमारे ६८५ जणांना, त्यांत बहुसंख्य मुलांना, रुग्णालयात न्यावे लागले. त्यानंतर तिथे अशा दृश्यांसाठी नियम आखले गेले. एका सेकंदात तीनपेक्षा अधिक लखलखाट नसावेत ही मर्यादा आता सर्वत्र परिचित आहे, आणि काही देशांत प्रसारणापूर्वी यंत्राने तपासणी करून घ्यावी लागते. स्फोट, वीज आणि जादूचे प्रसंग बोर्डवर असतानाच या नजरेने पाहिले तर शेवटच्या आठवड्यातली धावाधाव टळते.

भाग प्रसारित झाल्यावर अंतिम केलेले ॲनिमॅटिक आणि तयार भाग एकाच पडद्यावर शेजारी-शेजारी लावून पाहावेत. कोणते शॉट बोर्डपेक्षा चांगले झाले, कोणते ढासळले आणि त्यामागे सूचना अपुरी होती, वेळ कमी होता की मुळात कल्पनाच अवघड होती, हे शॉटच्या क्रमांकासह एका वहीत उतरवावे, आणि पुढच्या भागाची संहिता तिसऱ्यांदा वाचायला घेताना ती वही उघडी ठेवावी.